खिडकीच्या गजाला बांधलेला मोडेम

दिवाळीचे आकाशकंदील उतरेपर्यंत आमच्याकडच्या रस्त्यांवर ऊस आलेला असतो. ट्रॅक्टरमागे दोन-दोन ट्रॉल्या, त्यांच्या कडेनं बाहेर झुकलेला ऊस, ड्रायव्हरच्या डोक्यावर गाण्यांचा दणदणाट, आणि मागच्या कुणालाही पुढं जाऊ न देणारी ती संथ, डुलती चाल. रस्त्यावर सांडलेल्या कांड्या चाकांखाली चिरडतात, त्यांचा चोथा वाळून डांबराला चिकटतो. दिवस मावळायला लागला की कारखान्याकडून मळीचा वास येतो. आंबूस, गोडसर, घशात बसणारा. परगावचा माणूस नाकाला रुमाल लावतो, आम्ही लावत नाही. यंदाही तो परवा आला. मी गॅलरीत वाळलेले कपडे काढत होते. वास आला आणि हातातली चादर तशीच धरून मी उभी राहिले, कारण एकदम सगळं अंग जड झालं. बाकीच्यांना हंगाम आठवणी देत असेल. मला तो थकवा देतो, एका ठरावीक वर्षाचा, जसाच्या तसा.

दोन हजारचं दशक संपत आलं होतं तेव्हा. मी कोल्हापुरात एका कॉलेजात गणित शिकवत होते, राजारामपुरीत एका खोलीत राहत होते. लग्न केलं नव्हतं, आणि त्याबद्दल विचारणारी माणसंही एव्हाना विचारायची थांबली होती. त्या वर्षी पावसाळ्याच्या शेवटी वडिलांच्या घशाचं ऑपरेशन झालं. मी खोलीला कुलूप लावलं आणि हुपरीला आमच्या घरी राहायला गेले. सकाळच्या एसटीनं कॉलेज, संध्याकाळच्या एसटीनं परत.

वडलांना आम्ही अप्पा म्हणायचो. अप्पा चांदीचे कारागीर. घराच्या पुढच्या सोप्यात बसून पैंजणाच्या कड्या जोडायचे. गॅसची बत्ती आली तरी बारीक जोडाला ते तोंडानं फुंकायची नळीच वापरत. दिव्याच्या ज्योतीत फुंकर घालून ती सुईसारखी करायची आणि नेमकी जोडावर धरायची. लहानपणी शाळेतून आल्यावर मी त्यांच्या फुगलेल्या गालांकडं बघत बसायची. काम चाललेलं असताना ते घरातले एकमेव शांत माणूस असत. नळी तोंडातून काढली की मात्र त्यांचा आवाज गल्लीच्या टोकापर्यंत जायचा. साधं पाणी मागितलं तरी कुणाशी तरी भांडण लागलंय असं वाटे. गावातले बहुतेक असेच बोलतात, पण अप्पा त्यातही वरचढ होते.

ऑपरेशनमध्ये स्वरयंत्र काढलं. गळ्याच्या खाली एक भोक राहिलं आणि श्वास त्यातून यायला-जायला लागला. आवाज जाणार हे डॉक्टरांनी आधी सांगितलं होतं. आवाजाबरोबर आणखी काय काय जातं, ते आम्हाला घरी आल्यावर एकेक करून कळलं. तोंडातून हवाच येत नाही म्हटल्यावर फुंकर गेली. चहा निववता येईना. एका सकाळी ते नळी ओठांत धरून बराच वेळ बसले, मग ती पुसून डब्यात ठेवली आणि डबा मला फळीवर वर ठेवायला खुणेनं सांगितला. नंतर वास गेला. नाकातून श्वास नाही म्हणजे वास नाही, हे इतकं सरळ होतं की आम्हाला ते सुचलंच नव्हतं. हंगाम सुरू झाल्यावर मी एकदा सहज म्हणाले की आज मळीचा वास फार येतोय, दार लावून घेते. त्यांनी माझ्याकडं पाहिलं आणि बोलण्याऐवजी लिहायला आणलेल्या पाटीवर लिहिलं, "मला येत नाही."

तिसरी गोष्ट गेली ती कानडी. आमचं घर सीमेजवळच्या कितीतरी लिंगायत घरांसारखं दोन भाषांचं. उंबऱ्याबाहेर मराठी, आत कानडी. शाळा मात्र मराठी. अप्पांना कानडी लिहिता येत नव्हतं, कधी गरजच पडली नव्हती. आवाज गेल्यावर त्यांच्याकडं फक्त लिहायची भाषा उरली, म्हणजे सातवीपर्यंतच्या पुस्तकातली मराठी. घरात त्यांनी जी कधी बोलली नव्हती ती. पाटीवर ते मला लिहीत, "औषध दिले नाहीस." एरवी हेच त्यांनी कानडीत अशा शब्दांत ओरडून सांगितलं असतं की शेजारच्या काकू औषध घेऊन आल्या असत्या.

माझी धाकटी बहीण गिरिजा लग्न होऊन कॅनडाला गेली होती. अव्वा, म्हणजे आमची आई, जाऊन बरीच वर्षं झाली होती, त्यामुळं गिरिजाचं माहेर म्हणजे अप्पाच. दर रविवारी सकाळी तिचा फोन यायचा. तिच्याकडं शनिवारची रात्र असायची. ती आणि अप्पा कानडीत इतक्या जोरात बोलायचे की मला वाटे, फोनची तरी काय गरज आहे. ऑपरेशननंतरही तिचा फोन येत राहिला. मी रिसीव्हर अप्पांच्या कानाला लावायची, ती बोलायची, अप्पा पाटीवर लिहायचे, मी रिसीव्हर माझ्याकडं ओढून ते वाचून दाखवायची. पण त्यांचं लिहून होईपर्यंत ती पुढच्या विषयावर गेलेली असायची. मग अप्पा अर्धं वाक्य हातानं पुसून टाकायचे आणि नव्यानं लिहायला घ्यायचे. दोन माणसांच्या मध्ये दाराच्या बिजागरीसारखं होऊन मी त्या दिवसांत किती बोलले असेन, त्याला हिशेब नाही. त्यातलं एकही वाक्य माझं नव्हतं. एका रविवारी अप्पांनी रिसीव्हर हातानंच बाजूला सारला आणि उठून परसात गेले. पलीकडून गिरिजा हॅलो हॅलो करत राहिली.

कॉम्प्युटर घरात आला तो मगदूम सरांमुळं. ते आमच्याच कॉलेजात कॉम्प्युटर शिकवायचे. मोठ्या पोटाचे, कायम घाईत असलेले, कुणाचंही काम अंगावर घेणारे गृहस्थ. कॉलेजनं जुनी मशीन काढून टाकली तेव्हा त्यांनी एक माझ्यासाठी बाजूला ठेवलं आणि त्यावर विंडोजऐवजी लिनक्स घालून दिलं. व्हायरसचा ताप नाही, जुन्या मशीनवर हलकं चालतं आणि देवनागरी सरळ येते, असं त्यांचं म्हणणं. मी की-बोर्डच्या एकेका बटणावर कागदाची चिठ्ठी चिकटवून त्यावर मराठी अक्षरं लिहिली. अप्पा आधी त्याकडं बघेनात. मग एक दिवस मी कॉलेजातून आले तर पडद्यावर 'क' होता, ओळच्या ओळ नुसता 'क'. पैंजणाच्या कड्या जोडणारी बोटं ती, त्यांना जागा लक्षात ठेवायची सवय होती. काना इथं, वेलांटी तिथं, जोडाक्षराला मधलं बटण. दसऱ्यापासून दिवाळीपर्यंत त्यांनी ते बसवलं. पाटी मागं पडली. मला वाटलं, आता थोडं सोपं होईल.

अप्पा दुपारभर बसून गिरिजाला पत्र टाईप करत. मी ते पेन ड्राइव्हवर घेऊन कोल्हापूरला जात असे, कॉलेज सुटल्यावर स्टँडजवळच्या सायबर कॅफेतून मेल करत असे, तिचं उत्तर आलेलं असलं तर पेन ड्राइव्हवर घेऊन परत. घरी फोनची तार रस्त्याच्या खोदकामात वरचेवर तुटायची, त्यावरून नेट येण्याची आशाच नव्हती. अप्पांना कॅफेत नेऊन बसवावं, तर गळ्याला फडकं बांधून चार लोकांत जायला ते तयार नव्हते. खोकला आला की तो गळ्यातून येई, आणि माणसं वळून बघत. त्यामुळं मीच पोस्टमन. पहिल्या आठवड्यात त्याचं बरंच वाटलं. नंतर एसटीच्या दांडीला धरून उभं राहिल्यावर पर्समधल्या त्या बोटभर वस्तूचंही ओझं वाटायला लागलं.

मग एक दिवस गिरिजाचा फोन माझ्या मोबाइलवर आला, कॉलेजात, दोन तासांच्या मधल्या वेळेत. तिच्याकडं मध्यरात्र उलटून गेली असणार. तिनं इकडचं तिकडचं काही विचारलं नाही.

"अक्का, खरं सांग. ती पत्रं तूच लिहितेस ना?"

मी म्हणाले, अप्पा लिहितात, मी फक्त पाठवते.

"अप्पा 'मी येथे खुशाल आहे' असं म्हणतील? 'तू प्रकृतीची काळजी घे' म्हणतील?" तिचा आवाज चढला. "अव्वाच्या वेळी अप्पांनी मला परीक्षा होईपर्यंत काही कळू दिलं नव्हतं. आता तुम्ही दोघं मिळून तेच करताय. ते अंथरुणाला लागलेत का? का अजून काही?"

मी तिला पुष्कळ समजावलं. अप्पा सकाळी स्वतः दूध आणायला जातात, जेवण बरं आहे, असं सांगितलं. पण मी जितकं सांगत गेले तितकं मला स्वतःलाच ते रचलेलं वाटायला लागलं. वर्षानुवर्षं ज्या माणसाला तिनं कानडीत ऐकलं, तो आता शाळेच्या निबंधासारखं मराठी लिहितो, यावर तिनं विश्वास तरी कसा ठेवावा. ती तेव्हा पोटुशी होती, पाचवा महिना. डॉक्टरांनी तिला जपायला सांगितलं होतं, आणि ती मात्र रात्र-रात्र जागत होती. शेवटी ती म्हणाली की पुढच्या आठवड्यातलं तिकीट काढते, मग काय व्हायचं ते होऊ दे. मी तिला कसंबसं थांबवलं. तुझ्याशी अप्पा स्वतः बोलतील, समोरासमोर, मी मध्ये नसेन, असं म्हणून बसले. हे कसं करायचं ते मला ठाऊक नव्हतं.

यूएसबी मोडेम तेव्हा नुकते आले होते. पांढरी प्लास्टिकची पट्टी, आत सिमकार्ड, कॉम्प्युटरला खुपसली की मोबाइलच्या टॉवरवरून नेट. राजारामपुरीतल्या दुकानदारानं खोकं काढता काढता विचारलं, "विंडोज हाय न्हवं?" मी लिनक्स म्हटल्यावर त्याचा हात थांबला. "मग न्हाई चालायचं मॅडम. खोक्यावर लिवलंयच की. पर घिऊन तर जावा, चाललं तर चाललं." त्याच्याकडं विंडोजची सीडीही होती, तो ती तशीच घालून द्यायला तयार होता. मगदूम सरही म्हणाले, फार त्रास झाला तर तसं करू. पण विंडोज घातलं की अक्षरांच्या जागा बदलणार, फॉन्ट बदलणार, अप्पांनी दिवाळीपर्यंत बसवलेला 'क' दुसरीकडंच कुठं तरी उमटणार. एवढं सगळं गेलेल्या माणसाकडून मी आता तीही बटणं काढून घ्यायची, हे मला जमणारं नव्हतं. मी मोडेम तसाच घेऊन आले.

खुपसल्यावर त्याच्यावरचा दिवा लुकलुकला आणि पडद्यावर सीडीचं चित्र आलं. मला कळेना. मी मोडेम लावला होता, कॉम्प्युटर म्हणत होता सीडी लावलीय. उघडलं तर आत विंडोजसाठीच्या फायली. दुसऱ्या दिवशी सायबर कॅफेत शोधल्यावर उलगडा झाला: ही वस्तू आधी सीडी असल्याचं सोंग घेते, म्हणजे तिचं सॉफ्टवेअर तिच्यातूनच चढवता यावं. लिनक्सला ते सोंग ओळखता येत नाही. तो तिला सीडीच समजून बसतो. तिला सांगावं लागतं की पुरे झालं, आता मोडेम हो. ते सांगण्यासाठी एक छोटा प्रोग्रॅम होता. तो नेटवर होता.

यापुढचे आठवडे मला सलग आठवत नाहीत, एकाच लांबलेल्या संध्याकाळीसारखे आठवतात. कॅफेत तो प्रोग्रॅम उतरवायचा, पेन ड्राइव्हवर घ्यायचा, एसटी पकडायची. एसटी उसाच्या ट्रॅक्टरमागं अडकायची. पुढचा ट्रॅक्टर डुलतोय, त्याच्यापुढं दुसरा, समोरून बैलगाड्यांची रांग. कागलच्या एमआयडीसीतून सुटलेली, हाताला तेलाचा वास असलेली माणसं खांद्यावर मान टाकून झोपलेली. खिडकीतून मळीचा वास, धूळ, आणि कुठंतरी पेटवलेल्या पाचटाचा धूर. मी मांडीवर छापलेले कागद घेऊन कमांड पाठ करायचा प्रयत्न करत असायची. घरी पोचून स्वयंपाक, अप्पांचं गळ्याचं फडकं बदलणं, भोकातली श्वासाची नळी साफ करणं, आणि मग कॉम्प्युटर. प्रोग्रॅम चढवायला घ्यावा तर तो म्हणायचा, माझ्या आधी अमुक एक हवं. उद्या ते अमुक घेऊन यावं, तर त्याला तमुक हवं. नेट आणण्यासाठी जे लागतं ते नेटवरच होतं, आणि मी त्या दोन टोकांच्या मधल्या रस्त्यावर उसामागं उभी होते.

टर्मिनल नावाची काळी खिडकी असते लिनक्समध्ये. तिच्यात लिहिलं की ती उत्तर देते. गोड बोलत नाही. "असं काही इथं नाही," एवढंच. मला पुढं पुढं ती आमच्याकडच्या माणसांसारखी वाटायला लागली. न्हाई म्हंजे न्हाई, त्यात तुमचं मन राखायची भानगड नाही. आणि गंमत अशी की त्या दिवसांत मला तेच बरं वाटायचं. बाकी सगळे मला विचारत, कशी आहेस, दमलीस का, आणि मी सगळ्यांना ठीक आहे म्हणत होते. ती खिडकी काही विचारत नव्हती.

कॅफेतल्या एका पानावर परदेशातल्या कुणा अनोळखी माणसानं हाच मोडेम, हीच अडचण लिहून ठेवली होती. बहुधा पोलंडचा. त्याचं इंग्रजी माझ्यापेक्षा कच्चं. त्यानंही कितीतरी दिवस घालवले असावेत, कारण शेवटी त्यानं सगळ्या गोष्टी पहिल्यापासून कुठल्या क्रमानं चढवायच्या ते ओळीनं दिलं होतं, आणि खाली लिहिलं होतं की तुमचाही वेळ जाऊ नये म्हणून. ते वाचताना कॅफेतल्या लाकडी कप्प्यात बसून माझे डोळे भरून आले. एवढ्या साध्या वाक्यानं रडू यावं इतकी मी थकले होते, हे मला तेव्हाच पहिल्यांदा कळलं.

त्या क्रमानं सगळं चढवलं तेव्हा शनिवारची दुपार होती, कॉलेजला अर्धा दिवस. मोडेम खुपसला. सीडीचं चित्र आलं आणि कुणी हळूच उचलून न्यावं तसं नाहीसं झालं. काळ्या खिडकीत मोडेमचं नाव उमटलं. मग नंबर लावायचा. खरोखर फोनसारखाच नंबर होता तो, स्टार, नव्व्याण्णव, हॅश. तो लावला की खिडकी थोडा वेळ विचार करायची आणि सांगायची, समोर कुणी नाही. पुन्हा लावला. समोर कुणी नाही. मी किती वेळा लावला कोण जाणे. शेवटी की-बोर्ड पुढं सरकवला आणि टेबलावर डोकं ठेवून बसले.

अप्पा मागं उभे होते. त्यांनी माझ्या खांद्यावर बोट टेकवलं आणि वर बोट दाखवलं. सोप्यावर पत्रा होता. मग स्वतःचा मोबाइल काढला आणि त्यावरच्या सिग्नलच्या काड्या दाखवल्या: इथं एक, खिडकीजवळ गेले तर चार. ते खिडकीजवळ उभे राहून मला हातानं बोलवत राहिले. मी उठून एक लांब वायर शोधली, मगदूम सरांनी दिलेली, आणि मोडेम वायरच्या टोकाला लावून खिडकीशी नेला. अप्पांनी फळीवरून चांदीच्या तारेचं भेंडोळं घेतलं, तुकडा तोडला आणि मोडेम खिडकीच्या गजाला बांधून टाकला. दोन वेढे, एक पीळ, टोक आत वळवलेलं, बोटाला लागू नये म्हणून.

या वेळी पडद्यावरची काळी खिडकी लगेच काही म्हणाली नाही. मग आकड्यांच्या दोन-तीन ओळी आल्या आणि थांबल्या. नुसते आकडे. मला वाटलं, आणखी एक चूक. जुळलं असं काही ती म्हणतच नाही हे मला माहीत नव्हतं. मी मेलचं पान उघडून बघितलं तर ते वरून खाली, चिखलातून बाहेर येणाऱ्या गाडीसारखं, हळूहळू उघडायला लागलं. मोडेमवरचा दिवा स्थिर होता. अप्पा दिव्याकडं बघत होते आणि मी अप्पांकडं. आनंद झाला असेल, झालाच असणार. पण मला आठवतंय ते एवढंच की त्यानंतर मी चहा ठेवायला उठले आणि गॅस पेटवायचाच विसरले.

रविवारी सकाळी गिरिजा चॅटवर आली. पहिल्यांदा तिनं इंग्रजी लिपीत मराठी लिहिलं. अप्पांना ते वाचता येईना. ते माझ्याकडं बघायला लागले. म्हणजे पुन्हा मी वाचून दाखवायचं, पुन्हा मध्ये मीच. मी तिला लिहिलं की देवनागरी कसं करायचं ते शोध, अप्पा थांबतील. ती शोधत राहिली. अप्पा थांबले नाहीत. त्यांनी दोन बोटांनी, एकेक अक्षर शोधत लिहिलं, "ऊटा आतेन?"

जेवलीस का, एवढाच त्याचा अर्थ. कानडी शब्द, मराठी अक्षरांत. पाटीवर इतक्या महिन्यांत त्यांना हे सुचलं नव्हतं, मलाही नाही. बहुधा मी समोर असताना त्यांना लिहायचं म्हणजे शुद्ध लिहायचं असं वाटत असावं, मी शिकवणारी म्हणून. पलीकडं काहीच हालचाल नाही. नेट तुटलं की काय म्हणून मी मोडेमकडं बघितलं. मग एका पाठोपाठ एक मोडकीतोडकी देवनागरी अक्षरं यायला लागली. "अप्पा," एवढंच, पुन्हा पुन्हा. अप्पांनी उत्तर लिहिलं, कानडीतच, की रडतीस कशाला येडे, आधी जेव, पोटात लेकरू हाय. आणि मग माझ्याकडं वळून त्यांनी हात हलवला. जा आता.

मी परसात गेले. बाजेवर ऊन पडलं होतं. आतून बटणांचा आवाज येत होता, थांबत, अडखळत, पुन्हा सुरू होत. मला त्यातलं काहीही कुणाला सांगायचं नव्हतं. मी तिथं बसल्या बसल्या झोपले.

आता घराघरात नेट आहे. माझ्या फोनवर गिरिजाचा मुलगा कधीही, कुठूनही समोर येतो, आणि मध्येच चित्र थांबलं तर वैतागून दुसरीकडं निघून जातो. त्याला मी त्या हंगामाबद्दल एकदा सांगायला गेले, पण सोंग घेणारी सीडी, पेन ड्राइव्ह, उसाच्या ट्रॉल्या, हे सगळं त्याला एकात एक बसेना. मलाही बसवून दाखवता आलं नाही. कुठल्या कष्टांचं काय झालं, हे ते कष्ट संपल्यावर सांगायला गेलं की हातात फार थोडं उरतं. एक दिवा लुकलुकायचा थांबला, एवढंच खरं तर घडलं होतं.

अप्पा आणि गिरिजाचं दर रविवारी बोलणं व्हायला लागलं. मी त्या वेळी परसात असायची. त्यात काय होतं ते मी विचारलं नाही आणि त्यांनीही सांगितलं नाही. कधी अप्पा खांदे हलवत हसत असायचे, आवाज नसलेलं हसू, गळ्यातून नुसती हवा. कधी की-बोर्ड आपटल्यासारखा वाजायचा, म्हणजे भांडण. गिरिजा आता रात्री झोपते, असं तिच्या नवऱ्यानं मला कळवलं. तिनं तिकीट काढलं नाही. बाळंतपण नीट झालं. मी अप्पांकडंच राहत होते, येणं-जाणं तेच, एसटी तीच. हंगाम संपून रस्ते मोकळे झाले तरी माझी मान तशीच दुखत राहिली.

पुढच्या वर्षी, बाळ बसायला लागल्यावर, गिरिजा आली. त्याआधी एक दिवस मी कॉलेजात असताना तिनं मला फोनवर सांगितलं होतं: अप्पांनीच बोलावलंय. बाळ बघायला म्हणून नव्हे. "अप्पा म्हणाले, अक्का दमलीय. ती सांगायची नाही. तू येऊन दोन महिने राहा." मी म्हणाले की ठीक आहे मी, पण ते खरं नाही हे तिला आता अप्पांकडून कळलेलं होतं.

ती आली त्या दिवशी मला वाटलं होतं, दोघं समोरासमोर आल्यावर फार बोलतील. झालं उलटंच. ती त्यांच्या पाया पडली, त्यांनी बाळाला मांडीवर घेतलं, आणि मग दोघंही गप्प. वर्षभर पडद्यावर बोलायची सवय झालेली. अप्पा थोड्या वेळानं उठून कॉम्प्युटरसमोर जाऊन बसले आणि तिला शेजारची खुर्ची दाखवली. त्यांनी काहीतरी लिहिलं, की-बोर्ड तिच्याकडं सरकवला. तिनं लिहिलं, त्यांच्याकडं सरकवला. एकाच टेबलाशी, एकाच पडद्यावर, शेजारी शेजारी बसून दोघं लिहून बोलत होते. मी दारात बाळाला घेऊन उभी होते. दोन-चार वेळा असं झाल्यावर अप्पांनी की-बोर्ड स्वतःकडं ओढला, एक वाक्य लिहिलं आणि तो तिला परत दिलाच नाही. मला दारातून ते कानडी वाचता आलं.

"तू तोंडानं बोल की. तुला काय झालंय? तुजा आवाज ऐकाया तर बोलीवलंय."

गिरिजानं ते वाचलं. मग तिनं बोलायला सुरुवात केली, कानडीत, आधी हळू, मग नेहमीच्या आमच्या घरातल्या आवाजात. विमानातलं, बाळाच्या दातांचं, कॅनडातल्या थंडीचं. अप्पा मध्ये मध्ये टाईप करायचे, ती वाचून त्यावर आणखी मोठ्यानं बोलायची. बाळ माझ्या खांद्यावर झोपलं. मी त्याला घेऊन आतल्या खोलीत गेले, त्याच्या शेजारी आडवी झाले. भर दुपार होती. भिंतीपलीकडं गिरिजा बोलत होती, अप्पा ऐकत होते, आणि मला मध्ये काहीच सांगायचं नव्हतं.